घाटावर आलेला कॅमेरा आणि मुळशीची गावे

जगात आज टिकून असलेला सगळ्यांत जुना फोटो एका खेड्यातला आहे. फ्रान्समधल्या सां-लू-द-वारेन या गावी जोसेफ निसेफोर न्येप्सने १८२६-२७च्या सुमारास आपल्या घराच्या माडीवरच्या खिडकीतून तो घेतला. त्यात राजा नाही, किल्ला नाही. कबुतरांचा मनोरा, कोठाराचे उतरते छप्पर, मागे एक झाड, एवढेच. न्येप्सने कथलाच्या पत्र्यावर डांबरासारख्या एका पदार्थाचा पातळ थर दिला होता. ऊन लागले तिथे तो थर कडक झाला आणि उरलेला त्याने लव्हेंडरच्या तेलात धुऊन काढला. या कामाला कित्येक तास लागले. तेवढ्या वेळात सूर्य अंगण ओलांडून गेला, म्हणून त्या चित्रात समोरासमोरच्या दोन्ही भिंतींवर ऊन दिसते. इंग्लंडमध्ये विल्यम हेन्री फॉक्स टॅल्बटची आज उरलेली सर्वांत जुनी निगेटिव्ह आहे १८३५ सालची, तीही लॅकॉक या खेड्यातल्या त्याच्या वाड्याच्या खिडकीची.

खेड्यातल्या घरातून सुरू झालेली ही विद्या आपल्याकडे आली तेव्हा मात्र ती खेड्यापासून दूर राहिली. मुळशी तालुक्याच्या बाजूने तिचा इतिहास वाचताना हे फार जाणवते. पॅरिसमध्ये ही विद्या सर्वांसाठी खुली झाल्यावर चार महिन्यांत बातमी मुंबईला पोचली होती. पंधरा वर्षांत मुंबईत फोटोग्राफीची संस्था उभी राहिली आणि त्यानंतर दहा वर्षांच्या आत कॅमेरा बोरघाट चढून कार्ल्याला, पुण्याला आला. कार्ल्याच्या दक्षिणेला, डोंगरांपलीकडे साधारण तीस किलोमीटरवर मुळा नदीचे खोरे आहे. १९२०च्या दशकात या खोऱ्यातली गावे धरणाखाली गेली. तोवर फोटोग्राफीला ऐंशी वर्षे झाली होती. तरीही त्या गावांची आठवण आपल्याकडे आली ती मुख्यतः शब्दांतून आणि नकाशांतून. असे का झाले, हा या आढाव्याचा प्रश्न आहे. रसायनशास्त्र हे याचे थोडे उत्तर आहे. मोठे उत्तर कॅमेऱ्यामागे कोण उभे होते आणि त्याचा खर्च कोण देत होते, यात आहे.

आधी विद्येबद्दल. अंधाऱ्या खोलीच्या भिंतीला बारीक छिद्र असले की समोरच्या भिंतीवर बाहेरचे दृश्य उलटे उमटते, हे माणसाला फार पूर्वीपासून माहीत होते. चांदीचे क्षार उजेडाने काळे पडतात, हे योहान शुल्त्झ या जर्मन अभ्यासकाने १७२७मध्ये दाखवून दिले होते. मग शंभर वर्षे अडले कुठे? चित्र उमटवता येत होते, थांबवता येत नव्हते. टॉमस वेजवूड आणि हम्फ्री डेव्ही यांनी १८०२मध्ये पानांचे, काचेवरच्या चित्रांचे ठसे कागदावर घेतले. ते मेणबत्तीच्या उजेडात बघावे लागत, कारण दिवसाच्या उजेडात सगळा कागदच काळा होई. उमटलेल्या चित्रावरचा उजेडाचा परिणाम नेमका कधी आणि कशाने बंद करायचा, हा फोटोग्राफीतला खरा अवघड भाग होता. जॉन हर्शेल या खगोलशास्त्रज्ञाला १८१९पासून ठाऊक होते की सोडियमचे एक लवण, ज्याला फोटोग्राफर आजही हायपो म्हणतात, चांदीचे क्षार विरघळवते. १८३९मध्ये त्याने ते टॅल्बटला सांगितले आणि कोडे सुटले. काळ्या-पांढऱ्या डार्करूममध्ये काम केलेल्या प्रत्येकाला बोटांना लागणारा हायपोचा वास परिचित आहे.

७ जानेवारी १८३९ रोजी पॅरिसच्या विज्ञान अकादमीत फ्रान्स्वा आरागोने लुई दागेरच्या शोधाची घोषणा केली. दागेर हा रंगमंचावरचे भव्य देखावे रंगवणारा कलावंत. न्येप्सशी त्याने भागीदारी केली होती. न्येप्स १८३३मध्येच वारला. फ्रेंच सरकारने दागेरला आणि न्येप्सच्या मुलाला पेन्शन देऊन ही पद्धत विकत घेतली आणि १९ ऑगस्ट १८३९ला ती सर्वांसाठी खुली केली. तांब्याच्या पत्र्यावर चांदीचा मुलामा, त्यावर आयोडीनची वाफ, कॅमेऱ्यात उजेड, मग पाऱ्याची वाफ आणि शेवटी धुणे. हाती येणारे चित्र आरशासारखे लखलखीत आणि आश्चर्य वाटावे इतके बारीक असे, पण ते एकच. त्याची प्रत निघत नसे.

दागेरने १८३८मध्ये पॅरिसच्या एका रहदारीच्या रस्त्याचा फोटो घेतला. रस्ता माणसांनी, गाड्यांनी भरलेला असणार, पण चित्रात तो रिकामा दिसतो. एक्स्पोजरला काही मिनिटे लागली आणि चालणारी, धावणारी सगळी माणसे त्यात विरून गेली. एका कोपऱ्यात एक जण बुटाला पॉलिश करून घेत पाय टेकवून उभा होता. तो आणि त्याचा पॉलिशवाला तेवढे उमटले. फोटोत आलेली ही बहुधा पहिली माणसे. सुरुवातीच्या कॅमेऱ्याला स्थिर असलेलेच दिसत होते, काम करणारे दिसत नव्हते. आपल्याकडची जुनी चित्रे पाहताना हे सतत ध्यानात ठेवावे लागते.

टॅल्बटची वाट वेगळी होती. त्याच्या कॅलोटाइप पद्धतीत, जिचे पेटंट त्याने १८४१मध्ये घेतले, कागदावरच निगेटिव्ह होई आणि तिच्यावरून हव्या तितक्या प्रती काढता येत. चित्र दागेरच्या मानाने मऊ, धूसर. पण पुढची दीडशे वर्षे फोटोग्राफी चालली ती टॅल्बटच्या तत्त्वावर. या दोघांच्या गडबडीत इपोलित बायार मागे पडला. त्यानेही १८३९मध्ये स्वतःची पद्धत काढली होती, पण तिला मान मिळाला नाही. १८४०मध्ये त्याने स्वतःला बुडून मेलेला माणूस म्हणून बसवून फोटो काढला आणि मागे आपली तक्रार लिहून ठेवली. बायार चांगला जिवंत होता. फोटो घडवता येतो, हे या विद्येच्या दुसऱ्याच वर्षी सिद्ध झाले.

१८५१मध्ये फ्रेडरिक स्कॉट आर्चरने ओल्या कोलोडियनची पद्धत प्रसिद्ध केली. काचेवर कोलोडियनचा चिकट थर, तो चांदीच्या द्रावणात बुडवायचा, ओला असतानाच कॅमेऱ्यात घालायचा आणि सुकायच्या आत डेव्हलप करायचा. दागेरचा बारीकपणा आणि टॅल्बटच्या प्रती, दोन्ही एकत्र आले. आर्चरने पेटंट घेतले नाही. १८५७मध्ये तो गरिबीत वारला. पुढची तीस वर्षे जगभरच्या स्टुडिओंनी त्याच्या पद्धतीवर पोट भरले, आणि हिंदुस्थानची एकोणिसाव्या शतकातली जी रूपे आपण पाहतो त्यांतली बहुतेक तिच्यातूनच आली आहेत. फोटोग्राफीच्या इतिहासात मला सर्वांत अधिक आदर वाटतो तो या माणसाबद्दल.

दागेरच्या शोधाची माहिती मुंबईत 'बॉम्बे टाइम्स'मध्ये डिसेंबर १८३९मध्ये आली. बाळशास्त्री जांभेकरांचे 'दर्पण' तेव्हा अजून चालू होते. पुढच्याच महिन्यात कलकत्त्यात दागेरच्या पद्धतीचे कॅमेरे विक्रीस असल्याची जाहिरात झाली. लंडनची फोटोग्राफिक सोसायटी १८५३च्या जानेवारीत निघाली आणि मुंबईची १८५४च्या ऑक्टोबरमध्ये. कलकत्ता आणि मद्रास १८५६मध्ये मागून आली. हिंदुस्थानातली पहिली फोटोग्राफीची संस्था मुंबईची, ही गोष्ट मराठी वाचकाने अभिमानाने सांगावी अशी आहे, कारण तिच्यात केवळ गोरे अंमलदार नव्हते. डॉ. भाऊ दाजी लाड सुरुवातीपासून तिच्यात होते. त्यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे ग्रँट मेडिकल कॉलेजमधून शिकून निघालेले डॉक्टर. ते स्वतः उत्तम फोटो काढत आणि संस्थेच्या कार्यकारी मंडळावर होते. १८५५मध्ये एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्ये फोटोग्राफीचा वर्ग निघाला. त्यात शिकलेले हरिश्चंद्र चिंतामण पुढे मुंबईत व्यावसायिक फोटोग्राफर झाले. हिंदुस्थानी माणसाने चालवलेल्या पहिल्या काही स्टुडिओंपैकी त्यांचा एक, आणि १८६७च्या पॅरिस प्रदर्शनात त्यांचे फोटो मांडले गेले.

भाऊ दाजींसारख्या माणसाला कॅमेऱ्याचे आकर्षण का वाटले असेल, हे समजणे अवघड नाही. शिलालेख, नाणी, लेणी यांचा त्यांचा व्यासंग होता. अजिंठ्याच्या लेखांवर त्यांनी १८६३मध्ये निबंध वाचला. शिलालेखाची नक्कल हाताने करताना अक्षर चुकते आणि चुकलेल्या अक्षरावर सगळा इतिहास चुकतो. डोळ्याला दिसते ते जसेच्या तसे देणारे साधन अशा संशोधकाला हवेच होते.

कंपनी सरकारलाही ते हवे होते, पण हिशेबासाठी. चित्रकार वर्षानुवर्षे बसून लेण्यांची, इमारतींची चित्रे काढतो, त्यापेक्षा कॅमेरा स्वस्त पडेल असा विचार लंडनच्या संचालकांनी केला. १८५५मध्ये मुंबई तोफखान्याच्या कॅप्टन टॉमस बिग्जची पश्चिम हिंदुस्थानातल्या वास्तूंचे फोटो घेण्यासाठी नेमणूक झाली. त्याने विजापूर, बदामी, ऐहोळे पालथे घातले. काम कॅलोटाइपने, म्हणजे कागदाच्या निगेटिव्हवर. मेण दिलेला कागद आधीच तयार करून ठेवता येतो, म्हणून उष्ण हवेत आणि लांबच्या प्रवासात तो सोयीचा. बिग्जला सैन्यात परत बोलावल्यावर डॉ. विल्यम पिगू आणि त्यांच्यानंतर नील यांनी ते काम पुढे नेले. या तिघांच्या फोटोंचे मोठे ग्रंथ १८६६मध्ये लंडनला निघाले.

अजिंठ्याची गोष्ट याहून चटका लावणारी. रॉबर्ट गिल १८४४पासून तिथल्या भित्तिचित्रांच्या नकला रंगवत होता. वर्षानुवर्षांच्या मेहनतीची ती चित्रे लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये टांगली होती. १८६६च्या आगीत त्यांतली बहुतेक जळाली. दरम्यान गिल फोटोग्राफीकडे वळला होता आणि १८६४मध्ये त्याच्या लेण्यांच्या फोटोंची पुस्तके निघाली. पण अजिंठ्याच्या रंगांना तो कॅमेरा उपयोगी पडणार नव्हता. कोलोडियनला निळा उजेड तेवढा नीट दिसतो. तांबडे आणि पिवळे त्याच्या लेखी जवळजवळ काळेच. अजिंठ्याची गेरूची लाली त्या काचेवर अंधार होऊन उतरली असती. म्हणून कोरीवकाम कॅमेऱ्याने आणि भित्तिचित्रे कुंचल्याने, अशी वाटणी गिलला करावी लागली. तो १८७९मध्ये वारला. त्याची कबर भुसावळला आहे.

मुंबईत याच वेळी विल्यम जॉन्सन नावाचा फोटोग्राफर वेगळ्या उद्योगात होता. हेंडरसनसोबत त्याने १८५६ ते १८५८ या काळात दर महिन्याला तीन मूळ फोटो चिकटवलेला अंक काढला आणि त्यातल्या सामग्रीवर पुढे १८६३ व १८६६मध्ये मुंबईतल्या जातिजमातींवर दोन खंड प्रसिद्ध केले. त्यातली माणसे एका ठिकाणी उभी करून टिपलेली आणि पार्श्वभूमी दुसऱ्या फोटोतून कापून जोडलेली आहे. ब्राह्मण, भंडारी, वाणी, कोळी यांना त्यांच्या घरातून उचलून मुंबईच्या कुठल्याशा देखाव्यावर ठेवले आहे. माणूस आणि त्याची जागा यांची अशी फारकत आपल्याकडच्या कॅमेऱ्याने आरंभीच केली. मुळशीपर्यंत येताना हे सूत्र पुन्हा भेटते.

आता घाट. पुणे ते खंडाळा रेल्वे १८५८मध्ये सुरू झाली होती. खंडाळ्याखालचा बोरघाट २१ एप्रिल १८६३ला रेल्वेसाठी खुला झाला. साधारण पंधरा मैलांत १,८३१ फूट चढण, पंचवीस बोगदे, आणि काम ऐन भरात असताना चाळीस हजारांवर मजूर. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९मध्ये मुंबईला उतरल्यावर थोड्याच दिवसांत वारला आणि त्याची पत्नी अॅलिस हिने कंत्राट स्वतःच्या नावावर चालवून काम तडीस नेले. ती फोटोही काढत असे; चालू कामाचे तिचे फोटो आज उपलब्ध आहेत. रेल्वे झाल्यावर काचेच्या प्लेटांच्या पेट्या, रसायनांच्या बाटल्या आणि काळा तंबू खंडाळ्यापर्यंत डब्यातून येऊ लागले. नागफणी, घाटातले पूल, कार्ला, भाजे, बेडसे, मग पुण्याची पर्वती, संगम: फोटोग्राफरांचा हा ठरलेला मार्ग झाला. १८७० नंतरच्या अल्बमांत तीच स्थळे पुन्हा पुन्हा भेटतात.

या मार्गावरून दक्षिणेकडे पौड खोऱ्यात किंवा कोरबारसे मावळात का कोणी वळले नाही? ओल्या प्लेटचे काम डोळ्यांसमोर आणल्याशिवाय याचे उत्तर मिळत नाही. प्लेटवर थर दिल्यापासून डेव्हलप करेपर्यंत हातात दहा-पंधरा मिनिटे. मावळातल्या एप्रिलच्या उन्हात त्याहून कमी. म्हणजे जिथे फोटो तिथेच अंधारी खोली. तंबू, पाणी, चांदीचे द्रावण, काचा, मोठा लाकडी कॅमेरा, तिवई, सगळे माणसांच्या डोक्यावर. सॅम्युअल बोर्नने हिमालयात हेच केले तेव्हा त्याच्याबरोबर चाळीसच्या वर हमाल होते. त्याचे फोटो विकले जात, म्हणून तो खर्च निघे. मुळशी पेट्यातल्या भाताच्या खाचरांचे आणि गवती छपरांचे फोटो कोणत्या साहेबाने विकत घेतले असते? लेणे प्रसिद्ध होते, घाट प्रसिद्ध होता. मुळशीत तसे नावाजलेले काही नव्हते. घनगड, कोराईगड होते, पण ते गाडीरस्त्यापासून फार आत.

दुसरे कारण पावसाचे, आणि ते मला जास्त महत्त्वाचे वाटते. ताम्हिणीच्या बाजूला वर्षाला सहा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. मुळशीचे जगणे या पावसावर उभे आहे: राब भाजणे, चिखलणी, आषाढात लावणी, डोक्यावर इरली घेऊन ओणवी झालेली बायकांची रांग, आणि त्यातून येणारा आंबेमोहोर. या चार महिन्यांत कोलोडियनचा फोटोग्राफर घरी बसे. उजेड कमी म्हणून एक्स्पोजर लांबे. लांबलेल्या एक्स्पोजरमध्ये लावणीचे हात विरून गेले असते, पॅरिसच्या रस्त्यावरची माणसे विरली तशी. दमट हवेत कागदाला बुरशी, तंबूत पाणी. शिवाय हिरवा रंग या काचेला काळपट दिसे आणि ढगांचे आभाळ कोरे पांढरे. फोटोग्राफर हिंडत ते मुख्यतः थंडीत. म्हणून एकोणिसाव्या शतकातला मावळ फोटोंत कोरडा, पिवळट आणि रिकामा दिसतो. सह्याद्रीचा खरा ऋतू त्या अल्बमांतून संपूर्ण गळलेला आहे. त्या चित्रांवरून या मुलखाची कल्पना करणाऱ्याने हे विसरू नये.

तरीही मुळशीच्या खोऱ्याशी कॅमेऱ्याचा संबंध आला, आणि तो अशा बाजूने आला की फोटोग्राफीच्या इतिहासात त्याची नोंद सहसा होत नाही. १८३५मध्ये, टॅल्बटने खिडकीची निगेटिव्ह केली त्याच वर्षी, पुणे जिल्ह्यातल्या इंदापुरात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी जमिनीच्या मोजणीचे नवे काम हाती घेतले होते. तेहतीस फुटांची साखळी, सर्व्हे नंबर, बांधाबांधाची हद्द: मुंबई इलाख्याची महसूल व्यवस्था या कामातून उभी राहिली. मोजणीदारांचे हस्तलिखित नकाशे हजारोंच्या संख्येने साचले. त्यांच्या प्रती काढायच्या कशा? १८५९-६०मध्ये इंग्लंडच्या सर्वेक्षण खात्याने फोटोझिंकोग्राफी काढली. मूळ नकाशाचा कॅमेऱ्याने हव्या त्या मापाचा फोटो घ्यायचा. ती निगेटिव्ह जिलेटिन व बायक्रोमेटचा लेप दिलेल्या कागदावर ठेवून उन्हात धरायची. उजेड लागला तिथे लेप कडक होतो, त्यावर तेलकट शाई बसते. मग ते चित्र जस्ताच्या पत्र्यावर उतरवून छापायचे. तत्त्व न्येप्सचेच: उजेडाने कडक होणारा थर.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पुण्यात सरकारी फोटोझिंको कचेरी उभी राहिली. पुणेकरांना फोटोझिंको प्रेस हे नाव आजही परिचित आहे. तिथे कॅमेरा होता, डार्करूम होती, काचेच्या निगेटिव्ह होत्या. आणि त्यातून निघत होते गावांचे आणि तालुक्यांचे नकाशे. फोटोग्राफीच्या इतिहासकारांनी लेण्यांच्या फोटोंवर खूप लिहिले, पण पुणे जिल्ह्यातल्या सामान्य शेतकऱ्याच्या आयुष्यावर कॅमेऱ्याने सर्वांत खोल परिणाम केला तो या कचेरीतून, असे माझे ठाम मत आहे. गावनकाशात ओढा असतो, गाडीवाट असते, विहीर, देऊळ, गावठाणाची हद्द असते. माणूस नसतो. जॉन्सनने माणसाला त्याच्या जागेवरून उचलले होते. गावनकाशाने जागा ठेवली आणि माणूस वगळला. पुढे १८९४चा भूसंपादन कायदा लागू करून मुळशीच्या जमिनी घेतल्या गेल्या त्या सर्व्हे नंबरांनीच.

मधल्या काळात विद्या झपाट्याने बदलली. रिचर्ड मॅडॉक्सने १८७१मध्ये जिलेटिनच्या सुक्या प्लेटची कल्पना मांडली, १८८०च्या सुमारास त्या तयार विकत मिळू लागल्या आणि तंबू, हमाल, ओली काच सगळे गेले. सेकंदाच्या अंशात एक्स्पोजर होऊ लागले. चालता माणूस, धावता घोडा आता उमटू शकत होता. १८८८मध्ये जॉर्ज ईस्टमनचा कोडॅक गुंडाळी भरूनच बाजारात आला. मुंबईत १८८०मध्ये स्टुडिओ काढलेले हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, १८९९मध्ये हँगिंग गार्डनमधल्या कुस्तीचे चित्रीकरण करून फोटोग्राफीतून सिनेमाकडे गेले.

आणि मुळशीच्या उत्तरेला, घाटमाथ्यावर, दादासाहेब फाळके आले. जे. जे. आणि बडोद्याचे कलाभवन इथे शिकलेल्या फाळक्यांनी गोध्र्यात स्टुडिओ चालवला, प्लेगमध्ये पत्नी आणि मूल गमावले, १९०३मध्ये पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समन आणि फोटोग्राफर म्हणून नोकरी धरली आणि स्वदेशीच्या वाऱ्यात ती सोडली. मग त्यांनी लोणावळ्याला छपाई व एन्ग्रेव्हिंगचा कारखाना काढला. शेजारच्या मळवलीला रविवर्म्याचा छापखाना होताच; फाळक्यांनी त्यासाठीही काम केले. फोटोवरून ब्लॉक करणे, तीन रंगांची छपाई, हे सगळे त्या काळी लोणावळ्यात होत होते. पुण्यात चित्रशाळेने १९१०मध्ये 'चित्रमय जगत' मासिक सुरू केले. मराठी घरांत फोटोंनी भरलेले पान दर महिन्याला येऊ लागले.

म्हणून १९२१ साली विद्येची कुठलीही अडचण उरली नव्हती. टाटांची वळवण, शिरोटा, ठोकरवाडी ही धरणे लोणावळ्याच्या परिसरात झाली किंवा होत आली होती. त्यांची तिसरी वीजयोजना मुळा नदीवर, मुळशीजवळ. पाणी कोकणात भिऱ्याला सोडायचे, वीज मुंबईला न्यायची. पाण्याखाली जाणारी गावे बावन्न सांगितली जातात, माणसे अकरा हजारांच्या आसपास. १६ एप्रिल १९२१ला, रामनवमीच्या दिवशी, मावळ्यांनी सत्याग्रह सुरू केला. पांडुरंग महादेव बापट याच लढ्यात सेनापती झाले. विनायकराव भुस्कुटे त्यांच्याबरोबर होते. लढा १९२४पर्यंत चालला, बापटांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि १९२७मध्ये धरण पुरे झाले. मोठ्या धरणाविरुद्ध विस्थापितांनी उभारलेला जगातला हा पहिला संघटित लढा, असे राजेंद्र व्होरा यांनी सविस्तर अभ्यासातून मांडले. त्यांनी ते मांडले पत्रकांतून, वृत्तपत्रांतून, सरकारी कागदांतून. तिथल्या घरांची ओसरी, उंबऱ्यातली बाई, भरलेला बाजार, देवळापुढची सभा हे सगळे आपल्याला वाचावे लागते.

पुण्यापासून चाळीस-पंचेचाळीस किलोमीटरवर, शहरात स्टुडिओ आणि ब्लॉक करणारे कारखाने असताना असे झाले, याचा दोष कोणा एका व्यक्तीला देण्यात अर्थ नाही. फोटो म्हणजे स्टुडिओत जाऊन, पगडी-उपरणे नीट करून काढायची वस्तू, किंवा प्रसिद्ध वास्तूची. रोजच्या जगण्याचे फोटो काढायचे असतात ही दृष्टीच तेव्हा आपल्या शिकलेल्या वर्गात रुजली नव्हती. लेण्यासाठी प्लेट खर्च करणारे आणि खाचरासाठी न करणारे, यांत साहेब होते तसे आपलेही होते. न्येप्सने कोठाराच्या छपराकडे कॅमेरा रोखला होता, हे कोणाच्या मनातही आले नसावे.

आज मे महिन्यात धरणाचे पाणी ओसरते तेव्हा जुन्या घरांची जोती आणि देवळांचे अवशेष उघडे पडतात, आणि मोबाइल असलेला प्रत्येक जण त्यांचे फोटो घेतो. ते घ्यावेतच. पण त्याहून तातडीचे काम घराघरांत आहे. धरणामुळे उठलेली कुटुंबे वरच्या काठावर सरकली, पुण्याला आली, मुंबईच्या गिरण्यांत गेली. त्यांच्याकडे पुढच्या काळातले तरी फोटो असतील: लग्नातला, गिरणीतल्या मुलाने स्टुडिओत काढून गावी पाठवलेला, आजोबांच्या निधनानंतर भिंतीवर लावलेला. त्यांतली म्हातारी माणसे जुन्या गावांत जन्मलेली आहेत. चेहरा, नेसण, दागिना, पागोटे बांधायची तऱ्हा यांतून बुडालेल्या गावांपर्यंत पोचता येते.

अशा कुटुंबांना आणि तालुक्यातल्या शाळा-महाविद्यालयांतल्या शिक्षकांना माझी विनंती आहे. फोटो फ्रेममधून ओढून काढू नका. काचेला चिकटला असेल तर काचेसकट स्कॅन करा. मागे बॉलपेनने लिहू नका, मऊ पेन्सिलीने हलक्या हाताने नाव, मूळ गाव आणि अंदाजे साल लिहा. चिकट पानांच्या अल्बमात ठेवू नका. मावळातल्या दमट हवेत साधे कागदी पाकीट आणि कोरडे लाकडी कपाट बरे. जुन्या स्टुडिओवाल्याकडे काचेच्या प्लेटा पडून असतील तर त्या भंगारात जाऊ देऊ नका. भूमी अभिलेख कार्यालयातून आपल्या मूळ गावाचा जुना नकाशा काढा आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून कोणाचे घर कुठे होते ते त्याच्या प्रतीवर लिहून घ्या. हे सांगू शकणारी माणसे आता फार थोडी उरली आहेत, म्हणून येत्या पावसाळ्याच्या आत हे करा.